इटलीच्या सहलीत स्वयंपाकाचा वर्ग : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

इटलीची सहल ठरली की त्यातला एक दिवस स्वयंपाक शिकण्यासाठी राखून ठेवावा का, ठेवला तर कुठे, आणि आपल्या खाण्याच्या नियमांचे तिथे काय होणार, असे प्रश्न मला मराठी प्रवासी सतत विचारतात. त्यांतले पुन्हा पुन्हा येणारे प्रश्न इथे एकत्र केले आहेत. बोलोन्या या शहराशी माझी ओळख सर्वांत जवळची असल्यामुळे बरीच उदाहरणे तिथली आहेत. एकाच गोष्टीची पुनरुक्ती होऊ नये म्हणून जागोजागी दुसऱ्या प्रश्नाचा क्रमांक दिला आहे.

१. प्रत्यक्ष हाताने करण्याचा वर्ग आणि प्रात्यक्षिक यांत फरक काय? आरक्षण करण्यापूर्वी तो कसा ओळखायचा?

इटालियन भाषेत ‘मानी इन पास्ता’ असा एक शब्दप्रयोग आहे आणि त्याचा सरळ अर्थ ‘हात कणकेत’ असा होतो. वर्ग या वर्णनाला उतरतो का, हे पाहण्यासाठी दोन गोष्टी लेखी विचाराव्यात. पहिली, प्रत्येकाला स्वतंत्र पाट आणि स्वतंत्र गोळा मिळतो का. दुसरी, शिकवणाऱ्या एका व्यक्तीमागे किती माणसे असतात. आठ ते दहा माणसांपर्यंत शिकवणाऱ्याचे लक्ष सर्वांच्या हातांकडे राहते. त्यापुढे ते विखुरते. माझ्या पहिल्या वर्गात दोन टेबलांभोवती आम्ही बावीस जण होतो. पीठ मळलेले होते, पारी लाटलेली होती आणि माझ्या वाट्याला चार पट्ट्या कापण्याचे काम आले. जेवण चांगले झाले, पण हाताला काहीही शिकायला मिळाले नाही, आणि या दोन प्रश्नांचा माझा आग्रह तेव्हापासूनचा आहे.

मात्र आयती तयारी दिसली म्हणजे फसवणूकच झाली, असे समजू नये. मांसाचा रागू, म्हणजे पास्त्याबरोबर वाढायचा दाट रस्सा, किमान दोन-तीन तास मंद आचेवर शिजावा लागतो आणि नेपल्सच्या पिझ्झाचे पीठ फुगायला आठ तास किंवा त्याहून अधिक वेळ घेते. तीन तासांच्या वर्गात या गोष्टी आधी करून ठेवण्यावाचून गत्यंतर नसते. चांगला शिक्षक तुमच्याकडून ताजे पीठही मळून घेतो आणि भाजण्यासाठी आदल्या दिवशीचा फुगलेला गोळा देतो.

२. मला स्वयंपाक फारसा येत नाही. वर्गात अवघडल्यासारखे होईल का?

होणार नाही. प्रवाशांसाठीचे वर्ग पहिल्यांदा पीठ मळणारा माणूस गृहीत धरूनच आखलेले असतात. नवराबायकोपैकी एकालाच आवड असेल तरी दोघांनी जावे, कारण गोळा मुरत असताना आणि नंतर जेवताना होणाऱ्या गप्पा हादेखील वर्गाचाच भाग असतो.

३. कोणत्या शहरात काय शिकावे? रोममध्ये सगळेच शिकवतात, मग दुसरीकडे कशासाठी जायचे?

पदार्थ ज्या प्रदेशाचा आहे, त्या प्रदेशातच तो शिकावा, असे माझे ठाम मत आहे. आपल्याकडे कोल्हापुरात जाऊन सोलकढी शिकता येईल. पण तांबड्या-पांढऱ्या रश्श्याबद्दल तिथल्या घराघरांत जे बारकावे सांगितले जातील, ते सोलकढीबद्दल मिळणार नाहीत. इटलीत हे प्रादेशिक भान आपल्याइतकेच तीव्र आहे.

बोलोन्या आणि सभोवतालचा एमिलिया-रोमान्या हा प्रदेश अंडे घालून केलेल्या ताज्या पास्त्याचा आहे. ताल्यातेल्लेच्या रुंद पट्ट्या, मांसाचे सारण भरलेली चिमुकली तोर्तेल्लीनी आणि थरांची लासान्या हे तिथले पदार्थ होत. शिजलेल्या ताल्यातेल्लेची पट्टी ८ मिलिमीटर रुंद असावी, म्हणजेच शहरातल्या आसिनेल्ली मनोऱ्याच्या उंचीच्या १२,२७० व्या भागाइतकी असावी, अशी नोंद १९७२ साली बोलोन्याच्या व्यापार मंडळात रीतसर करण्यात आली. तोर्तेल्लीनीच्या सारणाची नोंद १९७४ साली आणि रागूची १९८२ साली झाली. ज्या शहराने एका पट्टीची रुंदी मनोऱ्याच्या मापाने बांधून ठेवली, तिथे ती पट्टी कापायला शिकण्याचा आनंद वेगळाच आहे. आपण ज्याला ‘स्पगेटी बोलोनीज’ म्हणतो, ते मात्र बोलोन्याच्या घरांत होत नाही. तिथे रागू ताल्यातेल्लेबरोबरच वाढतात.

नेपल्समध्ये पिझ्झा शिकावा. तिथल्या पिझ्झा करणाऱ्या कारागिरांच्या कलेला युनेस्कोने २०१७ साली मानवतेच्या अमूर्त सांस्कृतिक वारशाच्या यादीत स्थान दिले. जेनोवा आणि लिगुरियाच्या किनाऱ्यावर संगमरवरी खलात कुटलेला पेस्तो, म्हणजे तुळशीच्या जातीच्या बेसिलची चटणी, आणि पीठ-पाण्याची पिळदार त्रोफिए शिकावी. टस्कनीत पिची नावाची जाड, हातावर वळलेली शेवई असते. दक्षिणेला पुलियात, विशेषतः बारीच्या जुन्या शहरात, अंगठ्याने किंवा बोथट सुरीने ओढून केलेली ओरेक्किएत्ते असते. तिथल्या एका गल्लीत बायका दारासमोर टेबल मांडून ती वळताना दिसतात. रुखवतासाठी नखुले आणि गव्हले करणाऱ्या आपल्या आज्यांची बोटे ज्यांनी पाहिली आहेत, त्यांना ही हालचाल ओळखीची वाटेल.

रोममध्ये वर्ग करू नये असे नाही. सहलीत तेच एक शहर असेल तर तिथेच करावा, परंतु अशा वेळी पेकोरिनो चीज आणि मिरी यांचा ‘काचो ए पेपे’ हा पास्ता किंवा असाच एखादा रोमचा स्वतःचा पदार्थ मागून घ्यावा.

४. बोलोन्यातल्या वर्गात साधारण काय घडते?

वर्ग तीन ते चार तासांचा असतो. काही वर्ग बाजारातील फेरफटक्याने सुरू होतात. बोलोन्यात तो बहुधा मुख्य चौकाला लागून असलेल्या क्वाद्रिलातेरोच्या गल्ल्यांत किंवा मेर्कातो देल्ले एर्बे या छताखालच्या बाजारात असतो. मग स्वयंपाकघरात आल्यावर हात धुऊन, अंगठ्या-बांगड्या काढून एप्रन बांधला जातो.

लाकडी पाटावर शंभर ग्रॅम पिठाला एक अंडे या हिशेबाने पीठ घेऊन त्याचे आळे करतात, अंडी आळ्यात फोडतात आणि काट्याने फेटत फेटत कडेचे पीठ आत ओढतात. आळ्याची भिंत घाईने फुटली की अंडे पाटावरून वाहू लागते, आणि प्रत्येक वर्गात कोणाचे तरी वाहतेच. त्यानंतर दहा मिनिटे गोळा तिंबायचा असतो. सुरुवातीला तो खरखरीत आणि हट्टी असतो, हळूहळू कानाच्या पाळीसारखा मऊ होतो आणि मग अर्धा तास झाकून ठेवला जातो.

पुढचा भाग पाहण्यासारखा असतो. पारीला तिथे ‘स्फोल्या’ म्हणतात आणि ती लाटणारीला ‘स्फोल्यिना’. तिच्या हातातले लाटणे हातभरापेक्षाही लांब असते. पारी मोठी झाली की तिची कड पाटाखाली लोंबू देतात आणि स्फोल्यिना टेबलाला पोट टेकवून ती कड दाबून धरते, म्हणजे पुढे लाटताना पारी सरकत नाही. तिचे तळवे लाटण्याच्या मध्यापासून टोकांकडे घसरत जातात आणि पारी लाटण्याभोवती गुंडाळली जाऊन ताणली जाते. पारी धरली की तिच्यातून टेकडीवरचे सान लूकाचे देऊळ दिसले पाहिजे, असे बोलोन्यात म्हणतात.

नंतर पारी थोडी सुकवून तिची सैलसर सुरळी करतात आणि मोठ्या सुरीने पट्ट्या कापतात. तोर्तेल्लीनीसाठी लहान चौकोन कापून मध्ये वाटाण्याएवढे सारण ठेवतात, चौकोनाचा त्रिकोण करतात आणि त्याची दोन टोके करंगळीच्या टोकाभोवती गुंडाळून चिकटवतात. शेवटी सगळे मिळून जेवतात.

५. मला पोळ्या आणि करंज्या उत्तम येतात. त्याचा उपयोग होतो का?

होतो, परंतु काही सवयी अर्धा दिवस बाजूला ठेवाव्या लागतात. पोळी लाटताना आपण सढळ हाताने पिठी लावतो. इथे पिठी जवळजवळ वापरत नाहीत, कारण कोरडे पीठ पारीला पकडू देत नाही आणि नंतर शिजवण्याचे पाणी गढूळ करते. कणीक आपण सैल मळतो, तर इथला गोळा पुरीच्या कणकेपेक्षाही घट्ट असतो आणि तो पाहून पाणी घालण्याचा मोह होतो. तो आवरावा, कारण गोळा मुरल्यावर आपोआप नरम होतो. लाटणे दोन्ही टोकांना घट्ट धरण्याची सवयही सोडावी लागते. याउलट करंजीची कड मुरडणाऱ्या आणि मोदकाच्या कळ्या पाडणाऱ्या हातांना सारणाचा पास्ता फार लवकर जमतो. करंजीच्या कातण्यासारखेच दातेरी चाक तिथेही असते. ज्यांना उकडीच्या मोदकाची सवय आहे, त्यांना पहिल्या पाचांतच तोर्तेल्लीनी नीट बंद करता आलेल्या मी पाहिल्या आहेत.

६. खर्च किती येतो आणि आरक्षण किती आधी करावे?

मोठ्या शहरांत सामूहिक वर्गाला माणशी साधारण ७० ते १५० युरो पडतात आणि त्यात बहुधा जेवण व वाइन धरलेली असते. बाजारफेरी असल्यास किंवा वर्ग फक्त तुमच्या कुटुंबापुरता असल्यास खर्च वाढतो. मे-जून आणि सप्टेंबर-ऑक्टोबर या गर्दीच्या महिन्यांत तीन-चार आठवडे आधी आरक्षण करावे. खाण्याचे बंधन असेल तर त्याहून आधी, कारण पत्रोत्तरात वेळ जातो. बक्षिशी सक्तीची नसते. आरक्षण रद्द केल्यास पैसे कधीपर्यंत परत मिळतात, ही अट भरणा करण्यापूर्वी वाचावी.

७. शाळेत जावे की कोणाच्या घरी?

शाळेत साधने नीट असतात, वेळ पाळली जाते आणि शिकवण्याचा क्रम ठरलेला असतो. घरात घरचा स्वयंपाक शिकायला मिळतो आणि यजमानांशी बोलणे होते, म्हणून माझा कल घराकडे आहे. घरी शिकवणाऱ्या स्वयंपाकिणींची ‘चेझारिने’ ही संस्था २००४ साली बोलोन्यातच सुरू झाली आणि आता इटलीभर पसरली आहे. घरी पाळीव कुत्रे-मांजर असण्याची आणि जिना चढावा लागण्याची शक्यता मात्र विचारून घ्यावी.

८. इटालियन येत नाही. अडेल का?

प्रवाशांचे बहुतेक वर्ग इंग्रजीत चालतात. लहान गावांतील घरी कधी यजमानीण फक्त इटालियन बोलते आणि मुलगा किंवा सून भाषांतर करते. तेही पुरेसे असते, कारण पिठाचे शिक्षण निम्मे डोळ्यांनी होते. खाण्याच्या बंधनांबाबत मात्र ‘सेन्त्सा’ हा शब्द पाठ करावा. त्याचा अर्थ ‘विना’ असा आहे : सेन्त्सा कार्ने म्हणजे मांसाविना, सेन्त्सा उओवा म्हणजे अंड्याविना.

९. आम्ही शाकाहारी आहोत आणि अंडेही खात नाही. आमच्यासाठी वर्ग आहे का?

निश्चित आहे, फक्त शहर बदलावे. बोलोन्यात अंड्याविना स्फोल्या मागणे म्हणजे पुरणाविना पुरणपोळी मागण्यासारखे आहे. यजमान सौजन्याने काहीतरी करून देतील, पण तुम्हाला त्या प्रदेशाचा पदार्थ शिकायला मिळणार नाही. दक्षिणेतला पास्ता मुळातच अंड्याविना, कठीण गव्हाच्या बारीक दळलेल्या रव्याचा आणि पाण्याचा असतो. बारीची ओरेक्किएत्ते हे त्याचे उत्तम उदाहरण आहे. लिगुरियाची त्रोफिएही बहुधा पीठ-पाण्याचीच असते. टस्कनीच्या पिचीत काही जण थोडे अंडे घालतात, म्हणून तिथे विचारावे. पिझ्झाच्या पिठात पीठ, पाणी, मीठ आणि यीस्ट याखेरीज काही नसते. बटाट्याच्या न्योक्कीत, म्हणजे उकळून शिजवायच्या लहान गोळ्यांत, अंडे घालण्याची पद्धत आहे, पण पिठूळ बटाटा मिळाल्यास त्याविनाही ती जमते.

‘शाकाहारी’ एवढाच शब्द लिहून थांबू नये. इटलीत शाकाहारी म्हणजे मांस-मासे न खाणारा. अंडी आणि चीज तो खातो, असेच तिथे समजतात. ओरेक्किएत्तेबरोबर सलगमाच्या पाल्याची जी प्रसिद्ध भाजी करतात, तिच्यात अँचोव्ही हे खारवलेले मासे विरघळवलेले असतात आणि ते डोळ्यांना दिसत नाहीत. म्हणून काय चालत नाही याची यादी नावानिशी द्यावी. चीजबद्दल प्रश्न १० आणि कांदा-लसणाबद्दल प्रश्न १२ पाहावा.

१०. पार्मिजानो चीज शाकाहारी नसते, असे ऐकले. ते खरे आहे का?

खरे आहे. पार्मिजानो रेज्जानोचे दूध विरजण्यासाठी वासराच्या जठरातून काढलेले रेनेट वापरणे नियमानेच बंधनकारक आहे. ग्राना पादानोतही प्राणिजन्य रेनेट असते आणि पेकोरिनो रोमानोत कोकराचे. त्यामुळे ‘शाकाहारी पार्मिजानो’ असे काही अस्तित्वात नसते. वनस्पतिजन्य किंवा सूक्ष्मजीवजन्य रेनेटचे तसे दिसणारे कठीण चीज मिळते, पण त्याचे नाव वेगळे असते. रेनेटला इटालियनमध्ये ‘काल्यो’ म्हणतात आणि वनस्पतिजन्य असल्यास वेष्टनावर ‘काल्यो वेजेताले’ असे लिहिलेले आढळते.

रिकोत्ता दुसरे एखादे चीज करताना उरलेल्या निवळीपासून होते, म्हणजे मूळ चीजमध्ये वापरलेल्या रेनेटचा संबंध तिथेही येतो. मास्कार्पोने मात्र सायीत आम्ल घालून नासवलेले असते, आपल्या पनीरासारखे. काही वाचक हे कळल्यावरही चीज खातात, काही खात नाहीत, आणि तो ज्याचा त्याचा निर्णय आहे. न खाणाऱ्यांनी आगाऊ कळवून चीजऐवजी ऑलिव्ह तेलात खरपूस परतलेला पावाचा चुरा मागावा. दक्षिण इटलीत ज्यांना चीज परवडत नसे, ती घरे पिढ्यान्‌पिढ्या हाच चुरा पास्त्यावर भुरभुरवत आली आहेत, त्यामुळे ही मागणी कोणाला विचित्र वाटत नाही आणि चवही उणी पडत नाही.

११. आम्ही कोंबडी-मासे खातो, पण गोमांस आणि डुकराचे मांस खात नाही. काय सांगावे?

हेच शब्द सांगावेत आणि बोलोन्यात ते विशेष लक्षपूर्वक सांगावेत. तिथल्या नोंदलेल्या रागूत गोमांसाबरोबर डुकराचे पान्चेत्ता असते, तर तोर्तेल्लीनीच्या सारणात डुकराचे मांस, हॅम आणि मोर्तादेल्ला. ती ज्या सारात वाढतात, तेही मांसाचेच असते. इथे एका अक्षराचा घोळ लक्षात ठेवावा : ‘तोर्तेल्लीनी’ लहान आणि मांसाची, तर ‘तोर्तेल्लोनी’ मोठी आणि बहुधा रिकोत्ता व पार्स्लीची. लोणी आणि सेजच्या पानांबरोबर वाढलेली तोर्तेल्लोनी हा अशा वाचकांसाठी बोलोन्यातला सर्वांत चांगला पर्याय आहे. त्या भागातल्या पिआदिना या भाकरीत पारंपरिक पद्धतीने डुकराची चरबी असते. तिला ‘स्त्रुत्तो’ म्हणतात आणि हा शब्द यादीत जरूर घालावा. पास्त्यात कोंबडी घालण्याची पद्धत तिथे फारशी नसल्यामुळे ती अपेक्षा ठेवू नये. मासे हवे असतील तर किनाऱ्यावरचे शहर निवडावे.

१२. आम्ही जैन आहोत. कांदा, लसूण आणि कंदमुळे टाळून काही शिकता येईल का?

येईल, पण सामूहिक वर्गात नाही. इटालियन रश्शांचा पाया कांदा, गाजर आणि सेलरी यांच्या फोडणीवर असतो आणि तो बहुतेक वेळा सर्वांसाठी एकाच पातेल्यात होतो. कुटुंबापुरता वर्ग घ्यावा आणि दोन पदार्थ नेमके सुचवावेत : ओरेक्किएत्ते किंवा पिची, आणि त्यावर ऑलिव्ह तेल, टोमॅटो व तुळशीच्या जातीच्या बेसिलचा साधा सॉस. पेस्तोत लसूण असतो आणि लिगुरियात त्रोफिएबरोबर बटाटा व फरसबी शिजवतात. लसूण व बटाटा वगळून तेही करून मिळते. लसूण ॲलर्जीकारक घटकांच्या यादीत (प्रश्न १४) नसल्यामुळे ‘ॲलर्जी आहे का’ या अर्जातील रकान्यात हे बंधन मावत नाही. स्वतंत्र पत्रच लिहावे. वेगळी भांडी हवी असल्यास तेही आधीच स्पष्ट करावे, आयत्या वेळी नव्हे.

१३. वाइन घेत नाही. त्याचा अपमान वाटतो का?

अजिबात वाटत नाही. ‘पाणी चालेल’ एवढे सांगणे पुरते. पदार्थातील मद्याकडे मात्र लक्ष द्यावे : रागूत वाइन घालतात, तसेच तिरामिसू या गोड पदार्थात कॉफीबरोबर मार्साला ही वाइन किंवा रम असू शकते.

१४. गव्हाची किंवा सुक्यामेव्याची ॲलर्जी असेल तर?

सीलिॲक, म्हणजे गव्हातले ग्लुटेन न चालणारा आजार, असलेल्यांनी सामूहिक पास्तावर्गाला जाऊ नये, असेच मी सांगेन. वेगळे पीठ दिले तरी हवेत गव्हाचे पीठ उडत असते आणि पाट-लाटणी लाकडाची असतात. इटलीत या आजाराची जाण फार चांगली आहे, त्यामुळे पूर्णपणे ग्लुटेनविरहित वर्ग शोधल्यास सापडतात. ‘सेन्त्सा ग्लुतिने’ या शब्दांनी शोधावे.

युरोपीय संघाच्या २०११ सालच्या ११६९ क्रमांकाच्या नियमानुसार चौदा ॲलर्जीकारक घटकांची माहिती देणे बंधनकारक आहे. त्यांत अंडी, दूध, शेंगदाणे, तीळ, मोहरी, सेलरी आणि बदाम-अक्रोड-काजू यांसारखा सुकामेवा येतो. पेस्तोत पडणारे चिलगोजाच्या जातीचे पाइन नट मात्र या यादीत नाहीत, आणि बाजारच्या पेस्तोत त्यांच्याऐवजी अनेकदा काजू असतात. या दोहोंपैकी कशाचीही ॲलर्जी असल्यास नाव घेऊन विचारावे.

१५. गरोदरपणात वर्ग करावा का?

पीठ मळायला हरकत नसते, पण तिरामिसूत अंडी कच्चीच असतात. पाश्चरीकृत अंडी वापरता का, हे विचारावे किंवा दुसरा गोड पदार्थ मागावा. न शिजवलेले हॅम आणि कच्च्या दुधाची मऊ चीजही टाळावीत, आणि निघण्यापूर्वी आपल्या डॉक्टरांशी बोलावे.

१६. मुलांना आणि आजी-आजोबांना नेता येईल का?

सात-आठ वर्षांपुढची मुले यात रमतात, विशेषतः पिझ्झा आणि न्योक्कीत. संध्याकाळचा वर्ग टाळावा, कारण जेवण नऊ-साडेनऊपर्यंत लांबते. ज्येष्ठांसाठी अडचण शिकण्याची नसते, उभे राहण्याची असते. स्फोल्या उभ्यानेच लाटतात. ओरेक्किएत्ते मात्र बसून वळता येते. आजीला नेणार असाल तर बारीला न्यावे.

१७. पर्यटक व्हिसावर वर्ग करता येतो का? प्रमाणपत्राचा काही उपयोग आहे का?

काही तासांचा किंवा काही दिवसांचा हौशी वर्ग शेंगेन पर्यटक व्हिसाच्या मुदतीत करता येतो. ही मुदत कोणत्याही १८० दिवसांत जास्तीत जास्त ९० दिवसांची असते. पार्माजवळ कोलोर्नो येथील ‘आल्मा’सारख्या संस्थांतील दीर्घ व्यावसायिक शिक्षण ही वेगळी बाब आहे आणि ९० दिवसांपलीकडच्या शिक्षणासाठी वेगळा राष्ट्रीय व्हिसा लागतो. हौशी वर्गाचे प्रमाणपत्र आठवण म्हणून जपावे. नोकरीसाठी ते उपयोगी नाही.

१८. कोणत्या तारखा टाळाव्यात? वर्गाच्या दिवशी रेल्वेचा संप झाला तर?

१५ ऑगस्टला फेर्रागोस्तो हा मोठा सण असतो आणि त्याच्या मागेपुढे अनेक घरे व दुकाने बंद असतात. रविवारी बाजार बंद असल्यामुळे बाजारफेरीचा वर्ग त्या दिवशी घेऊ नये. दिवाळीच्या सुट्टीत जाणाऱ्यांनी एक लक्षात ठेवावे : ऑक्टोबरच्या शेवटच्या रविवारी तिथली घड्याळे एक तास मागे जातात. त्या दिवशी वर्ग असेल तर वेळ पुन्हा तपासावी.

रेल्वेचे संप आधी जाहीर होतात. कामाच्या दिवशी सकाळी ६ ते ९ आणि संध्याकाळी ६ ते ९ या वेळांत प्रादेशिक गाड्यांची किमान सेवा चालू ठेवतात, म्हणून दुसऱ्या गावाहून येणार असाल तर सकाळची गाडी पकडून वर्गाच्या शहरात लवकर पोहोचावे. फ्लॉरेन्सहून बोलोन्याला वेगवान गाडीने चाळीस मिनिटांच्या आत पोहोचता येते, पण वर्ग असलेल्या रात्रीचा मुक्काम त्याच शहरात करणे मला अधिक निश्चिंतीचे वाटते.

१९. केलेला पास्ता किंवा लाटणे घरी आणता येईल का?

सारण भरलेला ताजा पास्ता त्याच दिवशी संपवावा. ताल्यातेल्लेची घरटी पूर्ण वाळली तरच प्रवासाला टिकतात आणि हॉटेलच्या खोलीत ती नीट वाळत नाहीत, म्हणून त्यांच्या नादी लागू नये. लांब लाटणे, ज्याला तिथे ‘मात्तारेल्लो’ म्हणतात, ते मात्र जरूर आणावे. बॅगेच्या कोपऱ्याकोपऱ्यात तिरपे बसेल एवढ्याच लांबीचे घ्यावे आणि ते हातातल्या सामानात न ठेवता चेक-इनच्या बॅगेत ठेवावे. त्याबरोबर पितळी दातेरी चाक आणावे. ही दोन्ही घरातल्या भांड्यांत वर्षानुवर्षे राहतात.

२०. घरी आल्यावर तसे जमत नाही. पिठाचे काय चुकते?

तिथल्या पिठाच्या पुडीवरील ‘००’ हा आकडा पिठात कोंड्याचा अंश किती उरला आहे हे दाखवतो. आपला मैदा त्याला सर्वांत जवळचा आहे. चूक बहुधा अंड्यात असते. आपली अंडी लहान असल्यामुळे शंभर ग्रॅम मैद्याला एक अंडे पुरत नाही. फोडलेले अंडे वजन करून पन्नास ते पंचावन्न ग्रॅम घ्यावे. पारी तिथल्यासारखी पिवळीधमक झाली नाही तरी चिंता नको, कारण तो रंग बलकाचा असतो आणि आपल्याकडचा बलक फिका असतो.

ओरेक्किएत्तेसाठी साधा रवा चालत नाही, कारण तो भरड असतो आणि गोळा एकजीव होत नाही. बन्सी किंवा बक्षी गव्हाचा रवा घेऊन मिक्सरमध्ये आणखी बारीक करावा, वजनाच्या निम्मे कोमट पाणी घालून भरपूर तिंबावा आणि अर्धा तास मुरू द्यावा. खपली गहू वापरून पाहणाऱ्यांसाठी एक माहिती : इटलीत ‘फार्रो’ नावाने मिळणारे धान्य मुख्यत्वे हेच आहे, परंतु त्याची पारी ठिसूळ होते, म्हणून त्यात निम्मा मैदा मिसळावा.

शिजवण्यासाठी एक लिटर पाण्याला दहा ग्रॅम मीठ घ्यावे, पाणी खळखळून उकळावे आणि ताजी ताल्यातेल्ले दोन-तीन मिनिटांत काढावी. कापून उरलेल्या वेड्यावाकड्या कडा टाकू नयेत. बोलोन्यात त्यांना ‘मालताल्याती’, म्हणजे ‘वाईट कापलेल्या’, म्हणतात आणि घेवड्याच्या दाण्यांच्या पातळ रश्श्यात सोडतात, आपण आमटीत चकोल्या सोडतो तशाच. आपल्याकडे राजमा त्याला चांगला लागतो. दाणे पूर्ण मऊ शिजल्यावर त्यांतले निम्मे घोटून घ्यावेत आणि कडा अगदी शेवटी घालाव्यात, म्हणजे त्या लगदा होत नाहीत.